निन्टेन्डोच्या थ्रीडीएस या हातातल्या गेम कन्सोलच्या कार्ट्रिजचा बॅकअप कसा घ्यायचा, सेव्ह (गेममधली आपली प्रगती) पण राहतो का?

हो राहतो, पण गेम आणि सेव्ह वेगवेगळे घे, इथेच बरेच जण चुकतात. कन्सोलवर ल्युमा (बाहेरचे प्रोग्राम चालवू देणारं बदललेलं सिस्टम सॉफ्टवेअर) आणि गॉडमोड९ (फाइल्स हाताळायचं टूल) आधीच टाकलंय असं धरून सांगतो. कार्ट्रिज लावायचं, स्टार्ट बटण दाबून धरूनच कन्सोल चालू करायचा की गॉडमोड९ उघडतं, त्यात गेमकार्ट नावाचा सी ड्राइव्ह दिसेल, त्यातली थ्रीडीएस फाइल कॉपी केली की ती एसडी कार्डवर जीएम९ फोल्डरमधल्या आउटमध्ये जाऊन पडते. मोठा गेम असेल तर वेळ लागतो, मध्येच कार्ट्रिज काढू नकोस आणि चार्जर लावूनच बस.

सेव्हसाठी चेकपॉइंट नावाचं सेव्ह बॅकअपचं अ‍ॅप वापर. गेम निवडून ए बटण, मग एल बटण दाबलं की झालं. माझ्या धाकट्या भावाचा दोनशे तासांचा सेव्ह कार्ट्रिज बिघडलं तेव्हा कायमचा गेला, अजून वाईट वाटतं, म्हणून हे आधी कर.

आणि एसडी कार्डवर आहे म्हणजे बॅकअप झाला असं नाही रे, ते कार्डपण मरतं, लॅपटॉपवर कॉपी ठेवच. २७ मार्च २०२३ पासून ईशॉपवर (निन्टेन्डोच्या ऑनलाइन दुकानात) थ्रीडीएसचे गेम विकत मिळत नाहीत, त्यामुळे हातातलं कार्ट्रिज गेलं तर नवीन डिजिटल कॉपी घेता येणार नाही. फक्त स्वतः विकत घेतलेल्या गेमचाच बॅकअप घे, फाइल कुणाला वाटू नकोस.