नळ होता, नर्सही होती

प्रश्न : काका, आमच्या कॉलेजात ब्रिटिश काळातली एक फिल्म दाखवली. उत्तर ऱ्होडेशियातल्या, म्हणजे आताच्या झांबियातल्या तांब्याच्या खाणींवरची. मजुरांना विटांच्या खोल्या, पाण्याचा नळ, बाळाचं वजन करणारी नर्स. मी ऊसतोडीच्या कोपीत वाढलो. खरं सांगा, ते लोक आमच्यापेक्षा सुखात होते का?
— एक विद्यार्थी, शहादा

उत्तर : भाऊ, नर्स खोटी नव्हती. लुआन्शाच्या खाणीवर मलेरियाचा असा धसका होता की मजूर तिकडे फिरकेनात. मग १९२९-३० च्या सुमारास कंपनीने दलदलीतलं पाणी काढलं, डासांमागे लागली. माणूस टिकला तरच तांबं वर येतं, एवढा हिशेब कुठल्याही मुकादमाला कळतो.

मी भुसावळला बावीस वर्षं थिएटरात प्रोजेक्टर चालवला. सिनेमाआधी सरकारी डॉक्युमेंटरी लावावीच लागायची. पब्लिक तेवढ्यात चहाला पळायचं. केबिनच्या भोकातून बघणारा मी एकटा. फिल्म कुठून सुरू होते ते बघायची खोड तेव्हाची. तुझी खाणीच्या गेटपासून सुरू झाली असणार. त्याआधीचं रीळ कुणी काढलंच नाही.

त्या रिळात काय असतं? गावात आपलं शेत करणाऱ्या माणसावर सरकारचा कर, आणि तो नाण्यांत भरायचा. कणगी भरलेली असून उपयोग काय? शिलिंग मिळायचे ते बहुतेकांना गोऱ्यांकडे मजुरी करूनच. खाणीत तीस पाळ्या भरल्या की एक 'तिकीट' पुरं व्हायचं, मग पगार. तुमच्याकडे मुकादम उचल देऊन माणूस बांधतो. तिथे बांधायला सरकारच उभं. (यात वाईट कोणतं, ते मला तराजूत घालता येत नाही.) वर चांगल्या हुद्द्यांच्या जागा गोऱ्यांना राखीव.

मे १९३५ मध्ये खाणपट्ट्यातला हा कर वाढवून वर्षाला १५ शिलिंग केला. मुफुलिरा, न्काना, लुआन्शा, तिन्हीकडे संप झाला. लुआन्शात पोलिसांच्या गोळीबारात ६ मजूर मेले. हो, तेच लुआन्शा, जिथले डास मारले होते.

तू मोबाइलवर कोपीची फिल्म काढणारच असशील, तर तोडीच्या फडात नंतर जा. आधी दसऱ्याच्या सुमारास मुकादम गावात येतो, तेव्हा वडिलांशेजारी बस. उचल मोजून घेतानाचे त्यांचे हात घे. आणि निवेदन दुसऱ्या कुणाला देऊ नकोस, त्यांनाच अहिराणीत बोलू दे.