माणूस निसर्गाचा भाग आहे की घुसखोर? माणसं बाजूला काढली की इकोसिस्टीम आपोआप सावरते का?

प्रश्नाखाली तुम्ही लिहिलंय की "माणूस जिथे गेला तिथला निसर्ग संपला, कुंपण घालून माणसं बाहेर काढली तर सगळं पूर्ववत होईल, आणि सोबत झाडं लावली तर अजून लवकर होईल". काही ठिकाणी होईलही. पण मी ज्या भागात राहतो तिथे हे दोन्ही केलं तर जे वाचवायचंय तेच पहिलं जाईल. मी शास्त्रज्ञ वगैरे नाही, पुरंदर-बारामतीच्या मधल्या कोरड्या पट्ट्यातला आहे, पक्षी बघायचा नाद आहे आणि त्या नादापायी मेंढक्यांशी भरपूर गप्पा झाल्यात. त्यामुळे माळरानाबद्दलच बोलतो, अ‍ॅमेझॉनचं कोणीतरी दुसरं सांगेल.

आधी माळ म्हणजे काय ते, कारण पुण्या-मुंबईतून सोलापूर रोडने जाणाऱ्या माणसाला ते दिसतच नाही, त्याला दिसतं "काहीच नाहीये". सह्याद्री पाऊस अडवतो आणि पलीकडे आमच्या वाट्याला वर्षाला पाचशे-सहाशे मिलिमीटर येतो, कधी तेवढाही नाही. माती वीतभर, खाली मुरूम आणि काळा पाषाण. अशा जागी दाट जंगल येत नाही, गवत येतं. पवन्या, मारवेल, कुसळी, आणि मधेमधे हिवर, बोर, बाभूळ, खैर असली काटेरी मंडळी एकमेकांपासून लांब लांब उभी. उन्हाळ्यात सगळं पिवळं आणि मेल्यासारखं दिसतं, म्हणून सरकारी नोंदीत अशा जमिनीला नाव पडलं "पडीक". एकदा पडीक म्हटलं की मग तिथे काहीही आणून टाका, एमआयडीसी, सोलर पार्क, प्लॉटिंग नाहीतर वृक्षारोपण, कोणाला वाईट वाटत नाही.

इथे लोकांचा एक पक्का समज असतो की पूर्वी इथे घनदाट अरण्य होतं आणि माणसाने तोडून तोडून माळ केला. काही टेकड्यांबाबत असेलही. पण भारतीय उपखंडात ही उष्ण प्रदेशातली गवतं पसरली ती साधारण ७०-८० लाख वर्षांपूर्वी, म्हणजे कुऱ्हाड तर सोडाच, माणूसच नव्हता तेव्हा. आणि माणूस आल्यावरचं म्हणाल तर शिरूर तालुक्यात घोड नदीच्या काठी इनामगाव आहे, तिथे डेक्कन कॉलेजने १९६८ पासून बरीच वर्षं उत्खनन केलं. साडेतीन हजार वर्षांपूर्वी तिथे लोक सातू पिकवत होते, गुरं आणि शेळ्यामेंढ्या पाळत होते, काळवीट मारून खात होते, नदीचं पाणी वळवायला त्यांनी बांध घालून पाटही काढला होता. पुढे हवा कोरडी होत गेली तशी शेती मागे पडली आणि ती माणसं जनावरं घेऊन फिरतं जीवन जगायला लागली असं तिथल्या शेवटच्या थरांवरून अभ्यासक सांगतात. म्हणजे बघा, चराई आणि फिरस्ती ही इथे कालपरवा आलेली गोष्ट नाही. गवत, ते खाणारं जनावर, त्या जनावराच्या मागे माणूस आणि सगळ्यांच्या मागे लांडगा, हे इतकी शतकं एकत्र चाललंय की यातला माणूस उचलून बाजूला ठेवला तर उरलेलं जसंच्या तसं राहील असं मानायला मला तरी काही आधार दिसत नाही.

आता धनगरांचं. फलटण, माण, खटाव, बारामती, इंदापूर या बाजूचे मेंढके पावसाळ्यात गावाकडच्या माळावर असतात, कारण कोकणातल्या धो धो पावसात आणि चिखलात मेंढी टिकत नाही, खूर सडतात. दिवाळी झाली की घोड्यावर संसार बांधायचा आणि वाडा, म्हणजे मेंढ्या आणि माणसांचा फिरता तळ, निघाला घाट उतरून कोकणात. (आता काही जण पिकअप करतात, घोडं परवडत नाही म्हणतात.) तिकडे भात कापून झालेलं असतं, रिकाम्या खाचरांत मेंढ्या बसवायच्या, रात्रभर वाघूर लावून, म्हणजे जाळीच्या कुंपणात, सकाळी शेतकऱ्याला लेंडीखत मिळालेलं आणि मेंढक्याला धान्य किंवा पैसे. जून तोंडावर आला की परत वर. यात महत्त्वाचं काय, तर पावसाळा सोडला की त्यांचा माळ कित्येक महिने रिकामा असतो. आणि पावसाळ्यात जिथे गावाने कुरण राखलेलं असतं तिथे जनावर सोडायचं नाही, बी धरू द्यायचं, दिवाळीनंतर गवत कापायचं, मग चरायला मोकळं. गावोगाव असे अलिखित नियम होते, मोडला तर दंड होता. आता फार कमी ठिकाणी उरलेत.

गवताचा कोंभ जमिनीलगत असतो, त्यामुळे वरचं कोणी खाल्लं तर ते मरत नाही, परत फुटतं. उलट अजिबात कोणी खाल्लंच नाही तर वाळलेल्या गवताचा थर साचत जातो, खाली ऊन पोचत नाही, बारीकसारीक वनस्पती दबून जातात. पक्ष्यांचंही तसंच, धाविक आणि माळटिटवीला उघडी, आखूड गवताची जागा लागते, तणमोराला उंच गवत, चंडोलांना दोन्हीच्या मधलं काहीतरी. सगळा माळ एकाच उंचीचा झाला की यातलं कोणी ना कोणी उपाशी किंवा बेघर.

लांडग्याचं तर विचारूच नका. आमच्याकडचा लांडगा अभयारण्यात राहतच नाही, म्हणजे राहणार कुठे, सुप्याचं मयूरेश्वर अभयारण्य जेमतेम पाच चौरस किलोमीटरचं आहे आणि नगरकडच्या कर्जतचं रेहेकुरी तर सव्वादोन चौरस किलोमीटर, लांडगा एका रात्रीत यातून आरपार जाऊन पलीकडच्या तालुक्यात पोचेल. तो राहतो पडीक रानात, ज्वारीच्या कडेला, कालव्याच्या भरावावर, आणि खातो मुख्यतः शेळ्यामेंढ्या, कारण काळवीट-चिंकारा उरलेत किती. म्हणजे पुणे-सोलापूर पट्ट्यातला लांडगा बऱ्याच अंशी धनगराच्या वाड्यावर जगतो. मेंढक्याला ते आवडतं असं अजिबात नाही, एका रात्रीत चार कोकरं गेली तर शिव्याच निघतात, पण मी जितक्या जणांशी बोललो त्यातल्या बहुतेकांनी "त्याचा वाटा त्याला जायचाच, आपण कुत्री सांभाळायची" अशाच अर्थाचं काहीतरी सांगितलं. एक म्हातारेबुवा म्हणाले, "लांडगं हायेत म्हणून आमी रात्री जागं ऱ्हातो, न्हायतर चोरांनीच वाडा नेला आसता." आता हे खरं की गंमत ते तुम्ही ठरवा. पण मारून टाकायची ताकद असताना इतकी वर्षं पूर्ण मारून टाकलं नाही, हे खरंच आहे ना. चित्ता गेला या माळांवरून, लांडगा अजून आहे.

मग आपण वाचवायला जातो तेव्हा काय होतं? दोन उदाहरणं देतो.

एक आपलं सोलापूरचं, नान्नजचं. माळढोक या माळावरच्या मोठ्या पक्ष्यासाठी १९७९ मध्ये अभयारण्य जाहीर झालं, तब्बल साडेआठ हजार चौरस किलोमीटर. कागदावर भारी वाटतं, पण त्यात आख्खी गावं, शेतं, बाजारपेठा आल्या, जमिनीचे व्यवहार अडकले, आणि ज्या पक्ष्याला लोक पिढ्यान्‌पिढ्या ओळखत होते त्याच्यावरच राग निघायला लागला. पुढे ते क्षेत्र कमी करून सुमारे १,२२२ चौरस किलोमीटरवर आणलं. दरम्यान माळावर गिरिपुष्प (ग्लिरिसिडिया) वगैरे झाडं लावून "हिरवं" करण्याचं कामही चालू होतं, गिरिपुष्प लावायचं कारण जनावरं सहसा तोंड लावत नाहीत, जगतं. जगलंच. पण माळढोक हा पायाने चालणारा, लांबवर नजर ठेवणारा पक्षी, त्याला झाडीत घुसमटायला होतं. आणि अभयारण्याबाहेर त्याचं खरं रान म्हणजे ज्वारी, करडई, हरभरा, भुईमूग आणि मधेच पडीक ठेवलेला तुकडा, टोळ-किडे भरपूर, ते पाणी आल्यावर ऊस आणि द्राक्षात गेलं. आज महाराष्ट्रात माळढोक दिसणं म्हणजे जवळपास नाहीच. म्हणजे इथे माणूस नडला का? हो, नडला. पण कोरडवाहू ज्वारीवाला माणूस माळढोकाला चालत होता, उसवाला चालला नाही. "माणूस" म्हणून एकच गठ्ठा केला की हा फरकच हातातून निसटतो, आणि माझं सगळं म्हणणं या फरकावरच आहे.

दुसरं भरतपूर, राजस्थानातलं केवलादेव, पाणपक्ष्यांसाठी प्रसिद्ध पाणथळ जागा. १९८१ ला नॅशनल पार्क झालं, १९८२ ला म्हशींच्या चराईवर बंदी घातली. गावकरी चिडले, पोलीस गोळीबार झाला, त्यात माणसं मेली. सलीम अलींसारख्या पक्षीतज्ज्ञाचंही मत चराई बंद करावी असंच होतं. पण बीएनएचएसचा (बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटी, निसर्ग अभ्यासणारी जुनी संस्था) तिथे दहाएक वर्षं अभ्यास चालू होता, त्यातून निघालं उलटंच! म्हशी जे पाणगवत खाऊन आटोक्यात ठेवत होत्या ते बेसुमार वाढलं, उघडं पाणी भरत चाललं आणि कित्येक पाणपक्ष्यांना ते सोयीचं राहिलं नाही. म्हशी त्या तळ्याचा भाग झाल्या होत्या आणि कोणी ते मोजलंच नव्हतं. (त्यातून चांगलं एवढंच की ज्या बीएनएचएसचा इतिहास बंदीच्या बाजूचा होता त्यांनीच प्रामाणिकपणे हा निष्कर्ष छापला.)

पण याचा अर्थ "म्हणजे माणसाने काहीही करावं, निसर्ग सांभाळून घेतो" असा काढू नका, खाली कमेंटमध्ये कोणीतरी काढणारच आहे म्हणून आत्ताच सांगतो. आमच्याच माळावर गेल्या वीसेक वर्षांत जे झालंय ते भयंकर आहे. जिथे मेंढ्या फिरत होत्या तिथे प्लॉटिंगचे दगड. उरलेल्या तुकड्यावर सगळी जनावरं बारा महिने, कारण जायला वाटच नाही, कोकणात जायच्या वाटेवर हायवे, फार्महाऊसची कुंपणं, मग त्या तुकड्यावर गवत उरेलच कसं, आणि दोष पुन्हा मेंढीला. उन्हाळ्यात "नवीन गवत चांगलं येतं" म्हणून दरवर्षी सर्रास आग लावतात, त्यात जमिनीवरची घरटी, अंडी, पिल्लं सगळं जातं. पोल्ट्रीवाले मेलेल्या कोंबड्या माळावर टाकतात, त्यावर भटकी कुत्री पोसतात, त्या कुत्र्यांकडून खोकडांना आणि लांडग्यांना रोग लागतात, आणि पुण्याजवळ तर लांडगा आणि कुत्र्याचा संकर झाल्याचं जनुकीय तपासणीत सिद्धच झालंय. लांडगा बंदुकीने नाही संपला आणि असा संपेल की काय अशी भीती आता वाटते. त्यात सुट्टीला येणारे फोटोग्राफर, लांडग्याच्या बिळाजवळ गाडी लावून बसतात, मग मादी पिल्लं उचलून दुसरीकडे नेते. आपणही त्या इकोसिस्टीमचा भाग आहोत म्हणे. आहोतच, पण गाडी शंभर मीटर मागे लावायला काय जातं!

बरं काहीतरी चांगलंही होतंय. इंदापूरला कडबनवाडीसारख्या ठिकाणी गावाने आणि फॉरेस्टने मिळून गवताळ रान म्हणूनच जपायचं ठरवलं, तिथे आता सफारी चालते आणि स्थानिक पोरं गाईड म्हणून काम करतात. पैसे किती मिळतात, किती दिवस टिकेल, यावर गावात वाद आहेत, ते असणारच. पण ज्याला पडीक म्हणत होते ते बघायला लोक तिकीट काढून येतात ही गोष्ट आमच्याकडे नवीनच आहे.

तर तुमच्या प्रश्नावर परत, माणूस भाग आहे की घुसखोर. माझ्या मते असा प्रश्न सगळ्या माणसांना मिळून विचारताच येत नाही. कोण माणूस, किती जनावरं, वर्षातले किती महिने, आणि रान मोकळं कधी सोडतो, एवढं विचारलं की उत्तर जागच्या जागी मिळतं, आणि प्रत्येक ठिकाणी वेगळं मिळतं. सदाहरित जंगलात किंवा वाघाच्या गाभा क्षेत्रात कदाचित "बाहेरच रहा" हेच बरोबर असेल, मी त्यावर वाद घालणार नाही.

आणि झाडं लावण्याबद्दल विचारलंय म्हणून. जुलै आला की कंपन्यांच्या बस भरून लोक आमच्याकडे रोपं घेऊन येतात, हेतू चांगला असतो, टी-शर्टही चांगले असतात. तुमचा ग्रुप येणार असेल तर खड्डा खणायच्या आधी एवढं बघा: पायाखाली मुरूम आणि कुसळी गवत आहे का, झाडं आधीपासूनच विरळ आणि काटेरी आहेत का, मेंढ्यांच्या लेंड्या दिसतात का. तिन्हीला हो असेल तर तो माळ आहे, तिथे वड-पिंपळ-गिरिपुष्प काही लावू नका. रोपं गावात द्या, शाळेच्या आवारात, ओढ्याच्या काठाला, शेताच्या बांधाला लावता येतील, तिथे लोकांना सावली हवीच असते. आणि मेंढके भेटले तर त्यांना विचारा की पावसाळ्यात हे रान कोणाच्या चराईचं आहे, कारण तुमचं कुंपण नेमकं त्यांच्याच वाटेवर पडायची शक्यता जास्त.