रा. रं. बोराडे यांच्याविषयी सांगाल का? त्यांचं वाचायला कुठून सुरुवात करू?

सुरुवात 'पाचोळा' या कादंबरीपासूनच करा. बाकीचं मागाहून.

रावसाहेब रंगराव बोराडे मूळचे काटगावचे, लातूर तालुक्यातले. जन्म २५ डिसेंबर १९४०. मराठीचे प्राध्यापक झाले, पुढे वैजापूरला आणि मग औरंगाबादच्या देवगिरी महाविद्यालयात प्राचार्य. राज्याच्या साहित्य संस्कृती मंडळाचं अध्यक्षपदही त्यांनी सांभाळलं. 'पेरणी', 'मळणी', 'नातीगोती' हे कथासंग्रह, शिवाय कादंबऱ्या, नाटकं, एकांकिका, मुलांसाठीचं लेखन, विनोदी लेखन. म्हणजे काही सोडलं म्हणून नाही. विनोद आणि करुणा दोन्ही सारख्याच ताकदीनं लिहिणारे आपल्याकडे थोडे. बोराडे सर त्यातले.

तरी माझ्या लेखी सगळ्याच्या वर 'पाचोळा', १९७१ सालची. गावातल्या गंगाराम शिंप्याच्या घराची वाताहत त्याची बायको पारबती सांगते, आणि पहिल्यापासून शेवटपर्यंत आपल्या गावबोलीतच सांगते. नुसते संवाद बोलीत आणि निवेदन पुस्तकी, असा मामला इथं नाही. लेखक मध्ये कुठंच येत नाही. कॉलेज चालवणाऱ्या माणसानं एका अडाणी बाईला असं मोकळं बोलू द्यायचं, स्वतःचं एक शहाणं वाक्यही घुसडायचं नाही, हे मला फार मोठं वाटतं.

माझी आई लातूरला घरीच ब्लाउज शिवायची. बी.ए.ला ही कादंबरी मी तिला मोठ्यानं वाचून दाखवली. ती पायमशीन चालवत ऐकायची. चार-पाच पानं झाली आणि तिनं चाकावर हात ठेवून मशीन थांबवलं. सुई कापडातच. "ही बाई कोणच्या गावची म्हनं?" मी म्हटलं, "आई, हे सरांनी लिहिलंय, प्राचार्य हायेत ते." तिला काही केल्या पटेना. "बाप्या माणसाला हे कसं कळंल?" त्या दिवशी काज-बटणं तशीच राहिली. पुण्याच्या होस्टेलवर आमच्या लातूरकडच्या बोलीत "जाऊलालाव", "करूलालाव" म्हटलं की पोरं हसायची, तेव्हा मला आईचा तो थांबलेला हात आठवायचा आणि मी तसाच बोलत राहायचो.

'पाचोळा'नंतर 'आमदार सौभाग्यवती' घ्या. राजकारणात ओढल्या गेलेल्या बाईची गोष्ट आहे, तिच्यावर नाटकही आलं. पारबतीनंतर ही वाचली की बाईच्या बाजूनं पाहणं त्यांच्यात किती मुरलं होतं ते दिसतं.

सर ११ फेब्रुवारी २०२५ ला गेले. राज्य शासनाचा विंदा करंदीकर जीवनगौरव पुरस्कार त्यांना नुकताच जाहीर झाला होता. तो हातात घ्यायला ते हवे होते, याची हळहळ अजून जात नाही.

तुम्ही मराठवाड्याबाहेरचे असाल तर पहिली दहा पानं मोठ्यानं वाचा, मग कान आपोआप लागतो. शब्द अडला तर कोश उघडू नका. लातूर-धाराशिवकडचं कुणी ओळखीचं असेल, त्याला फोन लावा.