वाचकांचे प्रश्न : शंभरांची लॉबी, चौघांचा स्क्वॉड

या वेळी पत्रांचा गठ्ठा बॅटल रॉयाल खेळांचा आहे, म्हणजे विमानातून एका बेटावर उतरायचं, एकमेकांना बाद करायचं आणि शेवटी जो उरेल तो जिंकला, अशा मोबाइल खेळांचा. त्यातही बहुतेक बीजीएमआयचा (बॅटलग्राउंड्स मोबाइल इंडिया, पबजीचा भारतातला अवतार). प्रश्न वेगवेगळे असले तरी फिरून फिरून आकड्यांवरच येतात : किती जण, किती जणांचा संघ, आणि तेवढेच का.

मुलाला जेवायला हाक मारली की उत्तर ठरलेलं : ‘शंभर जण खेळताहेत, मधेच सोडता येत नाही.’ खरंच शंभर माणसं असतात का? आणि सोडलं तर काय बिघडतं?
— एक पालक, कोथरूड

जागा शंभर असतात, माणसं तेवढी असतीलच असं नाही. उरलेल्या जागा बॉट भरतात, म्हणजे खेळानेच चालवलेले खेळाडू. खातं नवं असेल तर सुरुवातीच्या सामन्यांत बॉटच जास्त भेटतात. श्रेणी चढत गेली की ते कमी होतात. बॉट ओळखायला सोपा. सरळ रेषेत पळत येतो, थांबतो आणि उघड्यावर उभ्यानेच गोळ्या झाडतो. आडोसा शोधत नाही. पडद्यावर किती जण उरले याचा जो आकडा दिसतो, त्यात बॉटही मोजलेले असतात.

सोडलं तर बाकीच्या ९६ जणांचं काहीच अडत नाही. अडतं ते स्वतःच्या संघातल्या तिघांचं, त्यामुळे मुलाच्या बोलण्यात थोडं तथ्य आहे. तो सोलो, म्हणजे संघाशिवाय एकटा, खेळत असेल तर तेवढंही नाही. जातात ते त्याचे रँकचे गुण. तेव्हा आधी नकाशा, म्हणजे खेळाचं मैदान, कोणता ते विचारा. एरँगलचा सामना शेवटपर्यंत गेला तर अर्ध्या तासाच्या आसपास चालतो, लिव्हिकचा साधारण पाव तास. पोळ्या लाटायला घेतल्या की त्या हिशेबाने सूचना द्या, ताटं वाढल्यावर नाही. ‘मी बाद झालोय, पण मित्रांचं बघतोय’ ही सबब मात्र चालवून घेऊ नका.

स्क्वॉड चौघांचाच का? आम्ही हॉस्टेलवर पाच जण आहोत. रोज एकाला बाहेर बसावं लागतं आणि रोज भांडण होतं.
— एक विद्यार्थी, कर्वेनगर

चारचा आकडा खेळात इतक्या ठिकाणी मुरला आहे की पाचवा घ्यायचा तर खेळ पुन्हा बांधावा लागेल. गाडीचंच बघा. यूएझेड आणि डाशिया चार आसनी, बग्गी दोघांची, मोटारसायकल दोघांची, साइडकार जोडलेली असली तर तिघांची. चौघांचा संघ एका गाडीत मावतो. पाच जणांना प्रत्येक वेळी दोन वाहनं शोधावी लागली असती, आणि दुसरं वाहन सापडेपर्यंत झोन, म्हणजे आकसत जाणारं सुरक्षित वर्तुळ, निघून गेला असता.

दुसरं कारण नॉकचं. सोलोमध्ये आरोग्य संपलं की थेट बाद. ड्युओ (दोघांचा संघ) आणि स्क्वॉडमध्ये खेळाडू आधी नॉक होतो, म्हणजे पडतो पण बाद होत नाही, रांगत राहतो, आणि साथीदाराने जवळ बसून सुमारे दहा सेकंद दिले की उठतो. ही दहा सेकंदं प्रत्यक्षात कशी जातात ते बघा. एक पडला, दुसरा उचलायला बसला, म्हणजे दोन बंदुका बंद. चौघांत अजून दोन चालू राहतात : एक धूर टाकून दिशा अडवतो, दुसरा शत्रूला मान वर काढू देत नाही. तिघांत एकच उरतो. ड्युओमध्ये कोणीच नाही, म्हणून तिथे उघड्यावर उचलायला जाणं बहुधा दोघांनाही घेऊन बुडतं. पाच जणांत तीन बंदुका चालू राहिल्या असत्या, आणि मग नॉकची किंमतच उरली नसती. संघातला शेवटचा उभा खेळाडू पडला की आधी नॉक झालेले सगळे त्याच क्षणी बाद होतात, हेही ध्यानात असू द्या.

चार हा काही देवाने दिलेला आकडा नाही. एपेक्स लेजंड्स या दुसऱ्या बॅटल रॉयालमध्ये ६० जण तिघातिघांच्या २० संघांत उतरतात. तिथे प्रत्येक पात्राची वेगळी शक्ती असते. तीन शक्तींचाच मेळ घालताना पुरेवाट होते. वॉरझोन हा आणखी एक तसाच खेळ २०२० मध्ये आला तो १५० जणांचा आणि तिघांच्या संघांचा.

पाच जणांवर उपाय एकच : पाळी लावा, पण सामन्यांच्या संख्येवर लावा, वेळेवर नको. पाच सामन्यांत प्रत्येक जण एकदा बाहेर. ‘अर्ध्या तासाने बदली’ ठरवलंत तर सामना मधेच असतो आणि भांडण जिथल्या तिथे.

गणेशोत्सवात सोसायटीच्या क्लबहाउसमध्ये बीजीएमआयची स्पर्धा घ्यायची आहे. ३७ नावं आली आहेत. चारने भाग जात नाही. नकाशा कोणता, संघ कसे, काय काय चुकू शकतं?
— उत्सव समिती, वाकड

भाग न जाणं ही अडचणच नाही. चार जणांचे सात संघ (२८) आणि तीन जणांचे तीन (९) केले की ३७ पूर्ण. स्क्वॉडच्या सामन्यात तिघांचा संघ उतरू शकतो. नऊ संघ चौघांचे आणि एक पोरगा एकटा, असं मात्र करू नका. तो पहिल्या पाच मिनिटांत बाद होऊन समितीचं डोकं खाईल. तिघांचे संघ कोणते, हे चिठ्ठ्या टाकून सगळ्यांसमोर ठरवा.

नकाशा लिव्हिक घ्या. का, ते एकरांत मांडतो. एरँगल ८ किलोमीटर बाय ८ किलोमीटर आहे. वनाझ ते रामवाडी मेट्रोमार्ग सुमारे १५ किलोमीटरचा. त्याच्या निम्म्याहून थोडी लांब एक बाजू, आणि तशीच दुसरी. एकूण ६४ चौरस किलोमीटर. शंभर जणांत वाटले तर समुद्र धरून माणशी साधारण १५८ एकर येतात. तुमचे ३७ तिथे सोडले तर माणशी ४२७ एकर. मुलं वीस मिनिटं गवतात चालतील आणि क्लबहाउसमधले प्रेक्षक निघून जातील. लिव्हिक २ बाय २ किलोमीटर, आणि तो आला तेव्हाच ५२ जणांसाठी बेतलेला होता. ५२ जण असले तर माणशी १९ एकर, तुमच्या ३७ जणांत २७. थोडी ऐसपैस, पण खेळायला योग्य. नुसा अजून लहान, १ बाय १ किलोमीटरचा, पण तो ३२ जणांचा. तुमची पाच मुलं बाहेर राहतील.

आता रूम. कस्टम रूम, म्हणजे फक्त तुमच्याच खेळाडूंचा खासगी सामना, उघडायला खेळातलं रूम कार्ड लागतं. चार सामने घेणार असाल तर कार्डं आधीच मोजून ठेवा. रूममध्ये नकाशा आणि संघाचा आकार निवडा, पासवर्ड घाला. प्रत्येक संघाला स्लॉटचा (रूममधल्या संघाच्या जागेचा) क्रमांक आधी लिहून द्या आणि तो कागद भिंतीवर लावा. बरेच आयोजक पहिले एक-दोन स्लॉट मोकळे सोडतात, कारण रूममध्ये शिरणारा घाईत आधी वरच्याच जागेवर बसतो. सर्वाधिक गोंधळ इथेच होतो : तिसऱ्या संघातला मुलगा सातव्यात बसलेला, सामना सुरू, आणि मग तो स्वतःच्याच मित्रांचा शत्रू. सुरू करण्यापूर्वी कागद हातात घेऊन एकेका स्लॉटवरची नावं वाचा. पासवर्ड दर सामन्याला बदला, नाहीतर शेजारच्या सोसायटीतला कोणीतरी आत आलेला असतो.

गेमचं अपडेट आणि लिव्हिकचा नकाशा घरूनच उतरवून यायला सांगा. ३७ फोन एका घरगुती राउटरवर चढवू नका. खेळाला डेटा फार थोडा लागतो, पण राउटरला प्रत्येक फोनशी आळीपाळीने बोलावं लागतं, आणि त्यातच एकाचं अपडेट सुरू झालं की सगळे अडकतात. दोन-तीन राउटर वेगवेगळ्या कोपऱ्यांत ठेवा, २.४ गिगाहर्ट्‌झवर असतील तर त्यांना १, ६ आणि ११ हे चॅनल द्या. ज्यांचा मोबाइल डेटा नीट चालतो त्यांना त्यावरच राहू द्या. टॅब्लेट नको, फक्त फोन : टॅब्लेटवर दृश्य जास्त दिसतं आणि तक्रारी होतात. बसायला जागा अशी द्या की कोणाच्या पाठीमागे दुसरा संघ नसेल. इयरफोन सक्तीचे, कारण एकाच हॉलमध्ये दहा संघ ‘घरात दोन आहेत, घरात दोन आहेत’ ओरडू लागले की ते सगळ्यांनाच कळतं. चार्जरच्या पट्ट्या ठेवा, पण चार्जिंग दोन सामन्यांच्या मधेच होऊ द्या. खेळताना लावला की फोन तापतो आणि खेळ अडखळू लागतो.

वेळेचं गणित : लिव्हिकचे चार सामने म्हणजे सुमारे एक तास, आणि रूम भरण्यात तेवढाच वेळ जातो. दोन-सव्वादोन तास धरा. बंदीनंतर २०२३ मध्ये खेळ परत आला तेव्हा १८ वर्षांखालच्यांना दिवसाला ३ तासांची मर्यादा घातली गेली. मुलांना सांगा की त्या दिवशी सकाळी घरी खेळू नका, नाहीतर चौथ्या सामन्यात निम्मा संघ बाहेर.

प्रवेश फी घेऊ नका आणि रोख बक्षीस ठेवू नका. २०२५ च्या ऑनलाइन गेमिंग कायद्याने पैसे लावून खेळायच्या खेळांवर बंदी आणली आहे. ई-स्पोर्ट्सला त्यात वेगळं स्थान असलं, तरी सोसायटीच्या क्लबहाउसने त्या चर्चेत पडण्यात काय अर्थ? चषक द्या, प्रमाणपत्र द्या.

मोठ्या स्पर्धांत शंभर का नसतात? १६ संघच का? आणि चिकन डिनर घेणारा, म्हणजे सामना जिंकणारा, संघ तक्त्यात खाली कसा राहतो?
— एक खेळाडू, हडपसर

१६ संघ चौघांचे म्हणजे ६४ खेळाडू. एरँगलचे चौरस किलोमीटरही ६४. म्हणजे माणशी एक, आणि संघाला चार; लिव्हिकचं अख्खं क्षेत्रफळ एका संघाच्या वाट्याला. संघ आपापलं गाव ठरवून उतरू शकतात, पहिल्या मिनिटाला नशिबाची मारामारी कमी होते. २५ संघांत ती जागा अडीच चौरस किलोमीटरवर येते. शिवाय प्रक्षेपण करणाऱ्यांना एका वेळी किती लढाया दाखवता येतात यालाही मर्यादा आहे.

गुणांचं असं : सध्या रूढ असलेल्या तक्त्यात पहिल्याला १०, मग ६, ५, ४, ३, २, १, १ आणि नवव्यापासून पुढे शून्य. प्रत्येक फिनिशला, म्हणजे शत्रूचा एक खेळाडू बाद केल्याबद्दल, १. दोन फिनिश करून जिंकलेला संघ १२ वर थांबतो. नऊ फिनिश करून तिसरा आलेला १४ वर जातो. पण खरी गोष्ट बेरजेत आहे. क्रमांकाचे सगळे गुण मिळून ३२. ६४ जणांत फिनिश साठच्या घरात जाऊ शकतात. म्हणजे वाटल्या जाणाऱ्या गुणांत फिनिशचा वाटा जवळपास दुप्पट. जुना तक्ता १५, १२, १०, ८, ६, ४, २ आणि पुढच्या पाचांना १-१ असा होता. त्याची बेरीज ६२, म्हणजे पारडी बरोबरीची. तेव्हा लपून क्रमांक मिळवणं परवडायचं, आता परवडत नाही.

वाकडच्या समितीनेही हे वाचावं. तुमच्या ३७ जणांत फिनिश साधारण तीस-पस्तीस. तिथे आजचा तक्ता जसाच्या तसा ठेवला तरी दोन्ही बाजू जवळपास समान पडतात. फक्त दहापैकी आठ संघांना क्रमांकाचे गुण मिळतील. शेवटचे दोन १ काढून टाका, चुरस वाढेल.

कमी खेळाडूंचा नकाशा घेतला तर पिंग कमी होईल का?
— एक वाचक, सिंहगड रोड

नाही. पिंग म्हणजे तुमचा फोन आणि सर्व्हर यांच्यातला जाण्या-येण्याचा वेळ. त्याला ५२ काय आणि १०० काय.

खेळाडूंच्या संख्येचा ताण पडतो तो सर्व्हरवर. प्रत्येकाला बाकी सगळ्यांची हालचाल कळवायची म्हटलं तर शंभरांत १०० गुणिले ९९, म्हणजे ९,९०० निरोप दर फेरीला. ५२ जणांत २,६५२. खेळाडू निम्मे झाले की काम जवळपास चौथाईवर येतं. म्हणूनच सर्व्हर लांबच्या खेळाडूंची माहिती तुम्हाला पाठवतच नाही. ते जवळ आले की मग सगळे एकदम येतात. विमानातून उडी मारल्यावर आणि शेवटच्या झोनमध्ये खेळ अडखळतो तो बहुधा याच गर्दीमुळे.

आता तुमच्याकडे काय होतंय ते ओळखा. पिंगचा आकडा हिरवा असूनही चित्र अडखळत असेल तर दोष फोनचा : ग्राफिक्स ‘स्मूथ’वर आणा, कव्हर काढा. चित्र सुरळीत पण गोळ्या लागत नाहीत, दार उघडून पुन्हा बंद होतं, असं असेल तर नेटवर्क. तिथे नकाशा बदलून काही होणार नाही. राउटरच्या खोलीत जाऊन बसा.

फ्री फायर या खेळात ५० जणच का?
— एक वाचक, येरवडा

साध्या फोनवर चालावा आणि दहा मिनिटांच्या आसपास संपावा म्हणून. स्पर्धांत १२ संघ, ४८ खेळाडू.

मी एकटाच स्क्वॉडमध्ये उतरतो, ऑटो-मॅच (खेळाने आपोआप साथीदार देणं) बंद करून. काही टिप्स?
— एक वाचक, धनकवडी

तुम्हाला नॉक नाही, पडलात की बाद. समोरच्या चौघांपैकी एकाला नॉक करून लगेच संपवायला धावू नका. त्याला उचलायला दुसरा येईल आणि दहा सेकंद एका जागी बसेल. नेम त्याच्यावर धरा.