‘आरव’ म्हणजे ‘शांत’ हे बरोबर आहे का?

नाही, ‘आरव’चा अर्थ नेमका उलटा आहे: आवाज, नाद, कोलाहल. नावांच्या याद्यांमध्ये ‘शांत’ छापलेलं असतं, पण संस्कृतात ‘रु’ म्हणजे आवाज करणे. त्यावरून ‘रव’ आणि ‘आ’ उपसर्ग लागून ‘आरव’. पाखरांचा कलरव, भुंग्यांचा गुंजारव, यांत ऐकू येतो तोच हा रव. शांत असाच अर्थ हवा असेल तर ‘नीरव’ ठेवा. घोटाळा बहुधा तिथूनच झाला असावा.

पडताळायचं तर वामन शिवराम आपटे यांचा संस्कृत कोश किंवा मोनियर-विल्यम्स यांचा १८९९चा संस्कृत-इंग्रजी कोश उघडा. जर्मनीतल्या कलोन विद्यापीठाने दोन्ही इंटरनेटवर फुकट ठेवलेत. नाव देवनागरीतून शोधा, ऱ्हस्व-दीर्घ नीट बघून. शब्द सापडला नाही तर निदान त्याची फोड तरी व्याकरणात बसायला हवी. ‘रेयांश’चा अर्थ ‘किरणाचा अंश’ सांगतात, पण ‘रश्मि’ (किरण) आणि ‘अंश’ यांचा संधी ‘रश्म्यंश’ होतो, ‘रेयांश’ नाही.

मात्र हे संस्कृत नावांपुरतंच. ‘शिरीन’सारखं फारसी नाव या कोशांत शोधू नका, त्यासाठी फारसी कोशच लागेल.