कॅमेऱ्यात जपलेला फिलिपिन्स
प्रश्न : फिलिपिन्समध्ये मोठ्या स्टुडिओंच्या नादी न लागता तिथल्या जुन्या परंपरा टिपणारं कुणी आहे का?

उत्तर : आहेत ना, किडलाट ताहिमिक! फिलिपिन्समधल्या बागिओ शहरातले, अमेरिकेत एमबीए केलं, पॅरिसमधली चांगली नोकरी सोडून सिनेमात आले आणि घाई न करता एकेक फिल्म वर्षानुवर्षं शूट करत राहिले. २०१८ मध्ये त्यांना राष्ट्रीय कलाकार हा किताब मिळाला. उत्तर फिलिपिन्सच्या डोंगरात भात पिकवणाऱ्या इफुगाओ लोकांबद्दल त्यांना फार जिव्हाळा. त्या लोकांचं हुडहुड गाणं ऐकाच, भाताच्या पेरणी-कापणीला नि मयताच्या जागरणालाही गातात, एखादी म्हातारी सुरुवात करते, बाकीच्या मागून उचलतात. शब्द लिहून ठेवता येतात हो, पण ती चाल, तो दम कागदावर उतरत नाही, त्यासाठी रेकॉर्डिंगच पाहिजे, तेही त्या म्हाताऱ्या आहेत तोवर.