सासूबाई टोमणे मारतात, की मलाच तसं ऐकू येतं?

समुपदेशनाला आलेल्या एका नोकरदार बाईंचा हा प्रश्न. (ओळख पटू नये म्हणून तपशील बदलले आहेत.) संध्याकाळी दारातच "आज उशीर झाला का गं?" असं ऐकलं की त्यांचं डोकं फिरायचं. हेच वाक्य सुट्टीच्या दिवशी बाजारातून आल्यावर कानावर पडलं, तर काहीच वाटायचं नाही.

अशा वेळी "मनाला लावून घेऊ नका" हा सल्ला कुचकामी असतो. अमेरिकन मानसशास्त्रज्ञ अल्बर्ट एलिस यांनी 1955 च्या सुमारास विवेकनिष्ठ उपचारपद्धती मांडली. घटना आणि भावना यांच्यामध्ये आपण लावलेला अर्थ असतो, हे तिचं मूळ सूत्र. तो अर्थ पकडायला वही लागते.

पानावर पाच रकाने आखायचे: कानावर पडलेले नेमके शब्द, वेळ, आधीचं खाणं आणि रात्रीची झोप, मी काय अर्थ लावला, राग 0 ते 10 पैकी किती. नोंद त्याच दिवशी करायची, कारण उद्यापर्यंत आठवणीलाही रागाचा रंग चढतो. बहुतेकांचं पहिल्याच रकान्यात चुकतं. या बाईंनीही तिथे "खोचक बोलल्या" असं लिहिलं होतं. तो अर्थ झाला, शब्द नव्हेत. ते खोडून सासूबाईंच्या तोंडचं वाक्य जसंच्या तसं लिहायला लावलं.

दोन आठवड्यांनी वही पाहिली. आठ-नऊचा राग बहुतेक त्या दिवशीचा, ज्या दिवशी दुपारी एकच्या डब्यानंतर पोटात काही नव्हतं. शिवाय लोकलमध्ये बसल्यापासूनच "आज काय ऐकावं लागणार" याची मनात उजळणी चालायची. टोमण्याची वाट पाहणाऱ्या कानाला साधी चौकशीही टोमणाच वाटते, आणि ओट्यावर झाकून ठेवलेला चहा दिसतच नाही.

मग दोन बदल केले. स्टेशनवर उतरण्याआधी मूठभर शेंगदाणे किंवा एक केळं. आणि दारात शिरण्यापूर्वी मोबाइलवर एका ओळीत अंदाज: "आज त्या अमुक म्हणतील." रात्री तो ताडून पाहायचा. अंदाज वारंवार चुकलेला स्वतःच्या अक्षरांत दिसला, की मन ऐकतं. दुसऱ्याने समजावून तितकं ऐकत नाही.

मात्र सगळं मनाचंच, असं म्हणणं अन्यायाचं झालं असतं. माहेरावरून बोललेली दोन वाक्यं पोट भरलेलं असतानाही टोचली होती. ते खरेच टोमणे होते. त्यावर या बाई एका रविवारी सकाळी, नवऱ्याला मध्ये न घालता, सासूबाईंशी बोलल्या: "आई, माझ्या माहेरचं असं काढलंत की मला लागतं. माझं चुकलं तर मला सांगा, त्यांना नको."